सहकारी संस्थेतील सभासदत्व आणि मतदानाचा हक्क: वाद उद्भवल्यास पायरी-पायरीने काय करावे

कृष्णा-कोयनेच्या काठावरच्या गावांत असे घर क्वचितच सापडेल, की ज्याचा कोणत्या ना कोणत्या सहकारी संस्थेशी संबंध नाही. पीककर्जासाठी विकास सोसायटी, सकाळ-संध्याकाळच्या दुधासाठी दूध संस्था, उसासाठी कारखाना, अडीअडचणीसाठी पतसंस्था आणि कराड, इस्लामपूर, मिरजेसारख्या शहरात राहायला गेलेल्यांसाठी गृहनिर्माण संस्था, अशा चार-पाच संस्थांत एकाच कुटुंबाचे शेअर असतात. वडिलांनी किंवा आजोबांनी कधीतरी घेतलेल्या शेअरची पावती ट्रंकेत असते, दरवर्षी अहवाल घरी येतो आणि आपण सभासद आहोत याबद्दल कोणाच्या मनात शंका नसते. मग निवडणूक लागते, कच्ची मतदार यादी फळ्यावर चिकटवली जाते आणि तीत आपले नाव नाही, किंवा असले तरी त्यापुढे ‘थकबाकीदार’ किंवा ‘मयत’ असा शेरा आहे, हे तेव्हा कळते.

अशा वेळी माणूस आधी गटाच्या नेत्याकडे, मग चेअरमनकडे आणि शेवटी वकिलाकडे जातो, आणि वकिलाकडे पोहोचेपर्यंत हरकतीची मुदत बहुधा संपलेली असते. हा लेख अशा वादाला पहिल्यांदाच सामोरे जाणाऱ्या सभासदांसाठी आणि सहकार कायद्याचे काम नव्याने सुरू करणाऱ्या तरुण वकिलांसाठी आहे. सभासदत्वाचे वाद गावात कितीही राजकीय वाटले, तरी अधिकाऱ्यापुढे आणि न्यायालयात त्यांचा निकाल तारखांवर, नोंदींवर आणि योग्य ठिकाणी योग्य वेळेत दाद मागितली की नाही यावर लागतो. म्हणून निवडणूक लागण्याची वाट न पाहता, गावात शांतता असतानाच यातील निम्म्याहून अधिक काम उरकून घ्यावे, असे माझे ठाम मत आहे.

पहिली पायरी: संस्था कोणत्या कायद्याखाली आहे ते पाहणे

संस्थेच्या नोंदणी प्रमाणपत्रावर आणि उपविधींच्या, म्हणजे संस्थेच्या स्वतःच्या नियमावलीच्या, पहिल्याच पानावर याचे उत्तर मिळते. आपल्याकडील बहुतेक संस्था महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 या कायद्याखाली नोंदलेल्या आहेत. हा कायदा 26 जानेवारी 1962 पासून अमलात आला आणि त्याखालील नियम 1961 चे आहेत. सांगली जिल्ह्याची सीमा कर्नाटकाला लागून असल्यामुळे येथील काही संस्थांचे कार्यक्षेत्र दोन राज्यांत पसरलेले असते. अशी संस्था मल्टिस्टेट, म्हणजे बहुराज्यीय सहकारी संस्था अधिनियम, 2002 खाली नोंदलेली असेल, तर तिला राज्याचा कायदा लागू होत नाही. तिचा निबंधक, म्हणजे संस्थांची नोंदणी आणि देखरेख करणारा अधिकारी, केंद्र सरकारचा असतो, तिचे वाद लवादाकडे जातात आणि पुढे सांगितलेली कलमे तिच्या बाबतीत उपयोगी पडत नाहीत. जिल्हा उपनिबंधकांकडे केलेला अर्ज ‘ही संस्था आमच्या अधिकारक्षेत्रात येत नाही’ असा शेरा घेऊन परत येईपर्यंत मोलाचे दिवस वाया जातात, म्हणून ही खात्री सर्वांत आधी करावी.

राज्याच्या कायद्याखालील संस्थांमध्येही निबंधकाचे अधिकार वेगवेगळ्या अधिकाऱ्यांकडे वाटलेले आहेत. विकास सोसायटी आणि पतसंस्था यांच्यासाठी तालुक्याचे सहायक किंवा उपनिबंधक आणि त्यांच्या वर जिल्हा उपनिबंधक असतात. दूध संस्थांसाठी दुग्ध विभागाकडील निबंधक वेगळे असतात. साखर कारखान्यांसाठी प्रादेशिक सहसंचालक (साखर) यांच्याकडे जावे लागते. सांगली जिल्ह्यातील कारखाने त्यांच्या कोल्हापूर कार्यालयाकडे येतात, तर सातारा जिल्ह्यातील कारखाने पुणे कार्यालयाकडे. कृष्णाकाठच्या एखाद्या कारखान्याचे कार्यक्षेत्र दोन्ही जिल्ह्यांत असेल, तर सभासदाच्या गावावरून ठरवू नये. कारखान्याची नोंदणी कोठे आहे यावरून कार्यालय ठरवावे.

राज्यघटनेबद्दलही येथेच सांगतो, कारण नवखे वकील अर्जाची सुरुवात हमखास तिथून करतात. 97 व्या घटनादुरुस्तीने सहकारी संस्था स्थापन करण्याचा हक्क अनुच्छेद 19 मध्ये आणला हे खरे आहे. पण त्याच दुरुस्तीने घातलेला सहकारविषयक नवा भाग राज्यांतर्गत संस्थांपुरता सर्वोच्च न्यायालयाने 20 जुलै 2021 रोजी रद्द ठरवला, कारण त्याला निम्म्या राज्यांच्या विधानमंडळांची संमती घेतलेली नव्हती. सभासदाचे मत हा मुळात कायद्याने आणि उपविधींनी दिलेला हक्क आहे. त्यामुळे अर्जात घटनेवर चार पाने लिहिण्याऐवजी कलम, नियम आणि उपविधीचा क्रमांक अचूक लिहावा.

दुसरी पायरी: आपण कोणत्या प्रकारचे सभासद आहोत?

कर्ज काढताना सही केलेल्या कागदांत ‘नाममात्र सभासद’ असा शब्द होता, हे पुष्कळांना वर्षानुवर्षे माहीत नसते. पतसंस्था कर्जदाराला किंवा जामीनदाराला नाममात्र सभासद करून घेतात, त्यासाठी किरकोळ फी घेतात आणि पावतीही देतात. त्या पावतीमुळे मतदानाचा हक्क मिळत नाही, कारण कलम 27 नुसार नाममात्र सभासदाला मत नाही. शेअर दोघांच्या नावावर संयुक्तपणे असेल, तर मताचा हक्क प्रथम नाव असलेल्याचा असतो. एका सभासदाला एकच मत असते, मग त्याचे शेअर कितीही असोत, आणि ते मत त्याने स्वतः हजर राहून द्यायचे असते; मुखत्यारपत्र देऊन दुसऱ्याला मतदानाला पाठवता येत नाही.

तिसरी पायरी: नोंदी हातात घेणे

संस्थेच्या कार्यालयात दोन नोंदवह्या असतात, ज्यांना सचिवांपासून न्यायालयापर्यंत सगळे ‘आय रजिस्टर’ आणि ‘जे रजिस्टर’ म्हणतात. जे नमुना ही सभासदांची यादी आहे; खरा वाद आय नमुन्यावर चालतो. आय रजिस्टरमध्ये प्रत्येक सभासदासाठी स्वतंत्र जागा असते. तेथे नाव, पत्ता, सभासद झाल्याची तारीख, शेअरची संख्या आणि रक्कम, नामनिर्देशित व्यक्तीचे नाव आणि सभासदत्व संपले असल्यास त्याची तारीख व कारण लिहिलेले असते. कलम 38 नुसार सभासद कधी झाला आणि त्याचे सभासदत्व कधी संपले याचा प्रथमदर्शनी पुरावा म्हणजे हे रजिस्टर. त्यामुळे त्या पानावरची एक तारीख दहा साक्षीदारांपेक्षा वजनदार ठरते.

हे पान पाहताना नुसते नाव वाचून समाधान मानू नये. प्रवेशाची तारीख ज्या शाईत आहे त्याच शाईत शेअरची रक्कम आहे का, नंतर कोणी खाडाखोड केली आहे का आणि असल्यास तिच्यापुढे सही आहे का, ‘कमी केले’ या शेऱ्यासमोर संचालक मंडळाच्या ठरावाचा क्रमांक व तारीख आहे का, हे सगळे पाहावे. ठराव क्रमांकाशिवाय नाव कमी केल्याची नोंद दिसली, तर त्या तारखेच्या आसपासच्या संचालक मंडळाच्या सभांचे इतिवृत्त मागवावे. तसा ठरावच झालेला नसल्याचे कागदावर दिसले, की पुढच्या कामाचा पाया पक्का होतो.

हे सगळे पाहण्याचा हक्क कलम 32 ने सभासदाला दिलेला आहे. कायदा, नियम, उपविधी, शेवटचा लेखापरीक्षित ताळेबंद, सभासदांचे रजिस्टर, सभांचे इतिवृत्त आणि स्वतःच्या व्यवहाराच्या नोंदी कार्यालयीन वेळेत विनामूल्य पाहता येतात, आणि नकलांसाठी फी भरल्यावर त्या एक महिन्यात द्याव्या लागतात. मागणी लेखी करावी आणि दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, सही आणि शिक्का घ्यावा. सचिव पोच देत नसतील, तर तोच अर्ज स्पीड पोस्टाने पोचपावतीसह पाठवावा आणि त्याची प्रत निबंधकांना द्यावी. माहितीचा अधिकार येथे थोडा वेगळ्या वाटेने वापरावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये केरळमधील एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सांगितले, की सहकारी संस्था केवळ नोंदलेली आहे म्हणून ती सार्वजनिक प्राधिकरण ठरत नाही. पण निबंधकांचे कार्यालय सार्वजनिक प्राधिकरण आहेच. म्हणून संस्थेने निबंधकांकडे पाठवलेल्या याद्या, प्रस्ताव आणि लेखापरीक्षण अहवाल त्या कार्यालयातून मागवावेत. संस्थेची आजची यादी आणि चार वर्षांपूर्वी निबंधकांकडे दिलेली यादी शेजारी ठेवून वाचली, की कोणाचे नाव कधी गेले ते आपोआप समजते.

चौथी पायरी: वाद नेमका कोणत्या स्वरूपाचा आहे?

येथे गफलत झाली, तर पुढचे सगळे श्रम फुकट जातात, कारण प्रत्येक प्रकारच्या वादाचे दार वेगळे आहे.

सभासद करून घेण्यास नकार मिळाला असेल, तर त्याची दाद सहकार न्यायालयात मागता येत नाही. कलम 91 मध्येच म्हटले आहे, की पात्र व्यक्तीला प्रवेश नाकारणे हा त्या कलमाखालचा वाद समजला जाणार नाही. त्यासाठी कलम 22 आणि 23 आहेत. आपण रीतसर अर्ज आणि शेअरची रक्कम दिल्यापासून तीन महिन्यांत संस्थेने काहीच निर्णय कळवला नाही, तर आपण सभासद झालो असे कायदा मानतो, आणि त्याबद्दल शंका निघाली तर निर्णय निबंधक देतात. संस्था अर्जच घेत नसेल किंवा पैसे परत करत असेल, तर तोच अर्ज आणि रक्कम निबंधकांकडे द्यावी; त्यांनी ती 30 दिवसांत संस्थेकडे पाठवायची असते आणि संस्थेने त्यानंतर 60 दिवसांत निर्णय कळवला नाही, तर येथेही मानीव सभासदत्व मिळते. लेखी नकार आला, तर निबंधकांकडे अपील आहे आणि ते दोन महिन्यांच्या आत करावे. ऊस उत्पादकांनी कलम 23 चे पोटकलम (4) अवश्य वाचावे. ज्या संस्थेला कार्यक्षेत्र ठरवून दिलेले आहे, अशा कृषिप्रक्रिया संस्थेने त्या क्षेत्रातील प्रत्येक पात्र अर्जदाराला सभासद करून घेणे बंधनकारक आहे, मात्र तो त्याच क्षेत्रातील तशाच दुसऱ्या संस्थेचा सभासद नसावा. ‘सध्या नवे सभासद घेणे बंद आहे’ हे तोंडी उत्तर या पोटकलमापुढे टिकत नाही, पण त्यासाठी अर्ज दिल्याची पोच हातात पाहिजे.

आधीपासून असलेले सभासदत्व काढून घेतले असेल, तर ते कोणत्या मार्गाने काढले ते आधी पाहावे. हकालपट्टीचा मार्ग कलम 35 चा आहे आणि तो अवघड ठेवलेला आहे. त्यासाठी सर्वसाधारण सभेत हजर असलेल्या, मताचा हक्क असलेल्या सभासदांपैकी किमान तीन-चतुर्थांश बहुमत लागते, त्या सभासदाला सभेपुढे आपली बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते आणि निबंधकांची मान्यता मिळेपर्यंत तो ठराव अमलात येत नाही. प्रत्यक्षात मात्र आपल्या भागात हकालपट्टी कमी आणि कलम 25-अ खालील वगळणूक जास्त दिसते. सभासद अपात्र झाला आहे, तो शेतकरी नाही, कार्यक्षेत्रात राहत नाही, त्याच्या नावावर जमीन नाही, अशा कारणांनी शेकडो नावांची तक्रार एकदम केली जाते आणि सगळ्यांना एकाच मजकुराच्या नोटिसा येतात. एखादी व्यक्ती शेतकरी आहे किंवा नाही, किंवा त्या गावची रहिवासी आहे किंवा नाही, असा प्रश्न निघाला तर तो कलम 11 नुसार निबंधक ठरवतात.

अशी नोटीस हाती पडली, की तिला उत्तर देण्यापूर्वी मूळ तक्रारीची आणि तिच्यासोबतच्या कागदांची नक्कल लेखी मागावी. सगळ्यांनी मिळून एकच छापील उत्तर देऊ नये, असे मी आग्रहाने सांगतो. प्रत्येकाची वस्तुस्थिती वेगळी असते. एकाची जमीन आईच्या नावावर असते, दुसऱ्याची सामाईक गटात असते, तिसरा नोकरीसाठी पुण्यात राहतो पण त्याचा ऊस दरवर्षी जातो. प्रत्येकाने आपला सातबारा आणि आठ-अ, त्या गटाची ऊसनोंद, गेल्या काही हंगामांची ऊसबिले, रेशनकार्ड किंवा मतदार ओळखपत्र जोडून स्वतंत्र उत्तर द्यावे आणि सुनावणीच्या तारखेला स्वतः हजर राहावे. सुनावणीच्या रोजनाम्यावर, म्हणजे त्या दिवसाच्या कामकाजाच्या नोंदीवर, आपली सही झाली आहे आणि दिलेले कागद त्यात नोंदले गेले आहेत, हे पाहूनच तेथून उठावे. पुढे अपिलात हाच रोजनामा वाचला जातो, आणि ‘संधी देऊनही हजर राहिले नाहीत’ असे एक वाक्य त्यात आले, तर खरा सभासदही अडचणीत येतो.

वारस नोंद: सर्वांत जास्त दुर्लक्षित प्रश्न

या विषयावर थोडे थांबून लिहितो, कारण मतदार यादीतील गळतीचे मोठे कारण हेच आहे. सभासद वारला की त्याचे सभासदत्व संपते. शेअरची रक्कम वारसांकडे येऊ शकते, पण मताचा हक्क आपोआप येत नाही. कलम 30 नुसार संस्थेने ते शेअर नामनिर्देशित व्यक्तीच्या, आणि नामनिर्देशन नसेल तर समितीला वारस वाटेल त्या व्यक्तीच्या नावावर करायचे असतात, आणि त्या व्यक्तीने सभासदत्वासाठी रीतसर अर्ज करून स्वतः सभासद व्हायचे असते. सातबाऱ्यावर वारसाची फेरफार नोंद झाली, की संस्थेतही नाव लागले असे गावात समजले जाते. ती समजूत चुकीची आहे. तलाठ्याकडची नोंद आणि संस्थेकडची नोंद यांचा एकमेकांशी संबंध नाही.

समजा, वाळवा तालुक्यातील एका शेतकऱ्याचे दहा वर्षांपूर्वी निधन झाले. ऊस त्यानंतरही जात राहिला, पण ऊसनोंद मुलाच्या नावावर आणि शेअर मात्र वडिलांच्याच नावावर. संस्थेच्या दृष्टीने वडील मयत सभासद आहेत आणि मुलगा बिगरसभासद ऊस उत्पादक आहे. त्याने दहा हंगाम ऊस घातल्याने तो पात्र नक्की ठरतो, पण मतदार ठरत नाही. त्याने मृत्यूचा दाखला, वारसांचे प्रतिज्ञापत्र, इतर वारसांची संमती आणि मूळ शेअर दाखला जोडून आजच अर्ज केला, तरी नव्या सभासदाला सभासद झाल्यापासून दोन वर्षे मतदान करता येत नाही, या कलम 27 मधील तरतुदीचा प्रश्न त्याच्यापुढे उभा राहतो. गृहनिर्माण संस्थांना ही दोन वर्षांची अट नाही; इतरत्र आहे. म्हणून घरात कोणी सभासद वारला, तर बँक खाते आणि सातबारा यांच्या कामाबरोबरच संस्थेच्या वारस नोंदीचा अर्जही त्याच आठवड्यात द्यावा.

याच अर्जात एक अन्याय वारंवार घडतो. वारसांच्या यादीत थोरल्या मुलाचे नाव येते आणि विधवा पत्नी व मुली यांच्या फक्त संमतीच्या सह्या घेतल्या जातात. पत्नी स्वतः शेती कसत असेल, दूध संस्थेत दूध घालत असेल, तर सभासदत्वासाठी तिचाच अर्ज सर्वांत मजबूत असतो. कोऱ्या संमतीपत्रावर सही करू नये, आणि मुलींनीही वाचल्याशिवाय सही करू नये. वारसांमध्ये मालकीचाच वाद असेल, तर तो दिवाणी न्यायालयातून किंवा वारसा प्रमाणपत्रातून सोडवावा लागतो. संस्था किंवा निबंधक तो सोडवू शकत नाहीत.

सभासद आहात, पण मत नाकारले आहे

येथे कारणे ठरावीक आहेत. संस्थेचे कर्ज घेतलेला सभासद थकबाकीदार असेपर्यंत त्याला मताचा हक्क नाही. प्राथमिक शेती पतसंस्थेत, म्हणजे आपल्या विकास सोसायटीत, पीककर्ज देय तारखेला न भरणारा सभासद थकबाकीदार ठरतो. त्यामुळे यादीसाठी ठरवलेल्या तारखेला आपले खाते कसे होते, हा एकच प्रश्न महत्त्वाचा असतो. कर्ज भरले असेल, तर त्याच दिवशी पावती आणि थकबाकी नसल्याचा दाखला घ्यावा. सोसायटीच्या सचिवाने पावती केली पण जिल्हा बँकेच्या शाखेत भरणा दोन दिवसांनी झाला, अशा फरकावरूनही वाद होतात. कर्जाची रक्कमच मान्य नसेल, तर निवडणुकीच्या हरकतीत तो हिशेब सुटत नाही. त्यासाठी खातेउतारा मागवून स्वतंत्र दाद मागावी.

दुसरे कारण ‘अक्रियाशील सभासद’ हे दिले जाते. सलग पाच वर्षांत किमान एका सर्वसाधारण सभेला हजर राहणे आणि उपविधींत ठरवलेल्या किमान सेवांचा लाभ घेणे, अशी क्रियाशील सभासदाची कसोटी 2013 च्या दुरुस्तीने आली आणि पुढच्या वर्षांत त्या तरतुदीत बदल झाले. म्हणून कोणी हे कारण पुढे केले, तर ज्या तारखेची यादी आहे त्या तारखेला कलम 26 आणि 27 चा नेमका कोणता मजकूर लागू होता, हे राजपत्रातून पाहूनच उत्तर द्यावे. जुन्या पुस्तकावर विसंबू नये. शिवाय आपल्याला अक्रियाशील ठरवल्याचे संस्थेने लेखी कधी कळवले, असा प्रश्न पहिल्याच परिच्छेदात विचारावा. सभेला गेल्यावर हजेरीपुस्तकात सही केल्याशिवाय परतू नये आणि सही केलेल्या पानाचा फोटो मोबाइलमध्ये ठेवावा. वार्षिक सभा आर्थिक वर्ष संपल्यापासून सहा महिन्यांत, म्हणजे सप्टेंबरअखेरपर्यंत होते. त्या एका दिवसाच्या हजेरीला पुढे मोठी किंमत येते.

तिसरे कारण अपुऱ्या शेअर रकमेचे. संस्थेने उपविधी दुरुस्त करून शेअरची दर्शनी किंमत वाढवली, की जुन्या सभासदांच्या नावापुढे ‘अपूर्ण भाग’ असे लिहिले जाते. ती दुरुस्ती निबंधकांनी नोंदली आहे का, वाढीव रक्कम भरण्याची नोटीस आपल्याला मिळाली होती का आणि ती रक्कम आपल्या बिलातून आधीच कापली गेली आहे का, हे पाहावे. ऊसबिलाच्या कपातीच्या रकान्यात ‘भाग’ किंवा ‘शेअर’ म्हणून गेलेली रक्कम पुष्कळदा सभासदाच्या खात्यावर जमा दाखवलेली नसते.

ठरावाचा वाद हा वेगळ्या जातीचा आहे. जिल्हा मध्यवर्ती बँकेसारख्या संस्थेच्या निवडणुकीत विकास सोसायटीच्या वतीने एक प्रतिनिधी मत देतो आणि त्यासाठी संचालक मंडळाचा ठराव लागतो. ‘ठराव कोणाच्या नावाचा झाला’ यावर तालुक्याचे राजकारण फिरते हे सर्वांना ठाऊक आहे. येथे सभेची नोटीस, गणपूर्ती, इतिवृत्तातील सह्या आणि ठराव निवडणूक कार्यालयात पोहोचल्याची वेळ या चार गोष्टींवर निकाल लागतो. एकाच सोसायटीचे दोन ठराव आले, तर सभेच्या नोटिसीची बजावणी सर्व संचालकांवर झाली होती का, हे सर्वांत आधी तपासावे.

पाचवी पायरी: कच्च्या यादीवर हरकत

निवडणुका राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाच्या देखरेखीखाली आणि 2014 च्या निवडणूक नियमांनुसार होतात. कच्ची यादी संस्थेच्या आणि निबंधकांच्या कार्यालयातील फलकावर लागते, तीवर हरकती घेण्याची शेवटची तारीख जाहीर केलेली असते, आणि हरकतींवर निर्णय होऊन पक्की यादी लागते. यादी लागल्याच्या दिवशीच जाऊन आपले पान पाहावे. हरकत विहित मुदतीत, यादीवर नमूद केलेल्या अधिकाऱ्याकडेच, पुराव्याच्या साक्षांकित प्रतींसह द्यावी आणि पोच घ्यावी. नावातील चूक, वडिलांच्या नावातील बदल, लग्नानंतरचे आडनाव यांसारख्या किरकोळ वाटणाऱ्या बाबींवरही हरकत घ्यावी, कारण मतदान केंद्रावर ओळखपत्रावरील नाव जुळले नाही तर तेथे कोणी ऐकून घेत नाही.

या टप्प्यानंतर उच्च न्यायालयात धाव घेण्याचा मोह होतो. सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये महाराष्ट्रातील एका दूध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात स्पष्ट केले, की मतदार यादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच एक टप्पा आहे आणि ती प्रक्रिया सुरू झाल्यावर न्यायालयांनी सहसा हस्तक्षेप करू नये; दाद निवडणुकीनंतर मागावी. म्हणूनच सुरुवातीला म्हटले, की नोंदींचे काम निवडणुकीआधी करावे. उमेदवारी अर्ज फेटाळला गेला, तर मात्र कलम 152-अ खाली फक्त तीन दिवसांत अपील करता येते. त्या तीन दिवसांत वकील शोधणे, कागद जमवणे आणि प्रवास हे सगळे बसवायचे असते, म्हणून उमेदवाराने अर्ज भरतानाच अपिलाच्या कागदांचा एक संच तयार ठेवावा.

सहावी पायरी: सहकार न्यायालय आणि त्यापुढे

संस्थेची घटना (म्हणजे तिची रचना), समितीची निवडणूक, सर्वसाधारण सभेचे कामकाज, व्यवस्थापन आणि व्यवहार यांसंबंधीचे वाद कलम 91 खाली सहकार न्यायालयात जातात, आणि अशा बाबींत दिवाणी न्यायालयाचा अधिकार कलम 163 ने काढून घेतलेला आहे. निवडणुकीच्या वादाची मुदत अत्यंत कमी असते. निकाल जाहीर झाल्यापासून एक महिना उलटू न देता दावा दाखल करावा. निवडणुकीच्या दाव्यात ‘माझे नाव वगळले’ एवढेच म्हणून चालत नाही. किती मतदार चुकीने वगळले किंवा घातले गेले, विजयाचे मताधिक्य किती होते आणि त्या चुकीचा निकालावर परिणाम कसा झाला, हे आकड्यांसह मांडावे लागते. तातडीचा मनाई आदेश हवा असेल, तर दाव्यासोबतच कलम 95 खाली तात्पुरत्या आदेशाचा अर्ज द्यावा. सहकार न्यायालयाच्या निर्णयावर दोन महिन्यांत सहकार अपील न्यायालयात जाता येते. निबंधकांच्या आदेशांवर कलम 152 खाली अपील किंवा ते नसेल तेथे कलम 154 खाली पुनरीक्षण आहे.

त्यानंतर उच्च न्यायालय. 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झाले आहे आणि सांगली व सातारा हे दोन्ही जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. पूर्वी एका तारखेसाठी मुंबईला जावे लागत असे, आणि त्या खर्चामुळे विकास सोसायटीचा सामान्य सभासद खालच्या निर्णयावरच थांबत असे. ही अडचण आता पुष्कळ कमी झाली आहे. तरीही रिट याचिकेत नवा पुरावा सहसा घेतला जात नाही, हे ध्यानात ठेवावे. जे कागद निबंधकांपुढे आले नाहीत, ते तेथे उपयोगी पडत नाहीत.

शेवटची पायरी: आदेशाची अंमलबजावणी

आदेश आपल्या बाजूने लागला, म्हणजे काम संपले असे समजू नये. आदेशाची प्रमाणित प्रत घ्यावी, ती संस्थेला लेखी अर्जासोबत देऊन पोच घ्यावी आणि त्या आदेशाचा क्रमांक व तारीख आय रजिस्टरमधील आपल्या पानावर नोंदवून घ्यावी. नोंद झाल्यावर त्या पानाची नक्कल पुन्हा कलम 32 खाली मागावी. आपल्या प्रवेशाची तारीख मूळचीच कायम राहिली आहे, आदेशाची तारीख नवी प्रवेश तारीख म्हणून घातलेली नाही, हे त्या नकलेत पाहावे. तसे झाले असेल, तर दोन वर्षांची अट पुन्हा मोजली जाण्याचा धोका असतो आणि दुरुस्तीचा अर्ज लगेच द्यावा लागतो. संस्था टाळाटाळ करत असेल, तर कलम 79 खाली निबंधकांना तसे निर्देश देण्याची विनंती करावी. या सर्व कागदांची एक प्रत घरात, एक वकिलाकडे आणि एक मोबाइलमध्ये ठेवावी, आणि पुढची कच्ची यादी लागेल त्या दिवशी तीच प्रत घेऊन फलकासमोर जावे.